बाटलीवर माझंच नाव

कॅलगुंडी, न्यू साउथ वेल्स
सोमवार, ५ फेब्रुवारी २०२४

प्रिय नोएलीन,

फोनवर आपण तिसऱ्या मिनिटाला भांडतो आणि चौथ्याला तू फोन आपटतेस. तेव्हा पत्रच बरं. फाडायचं असेल तर शेवटपर्यंत वाचून फाड.

शुक्रवारी सकाळी मला पोलिसांनी धरलं. मला! ज्यानं पन्नास वर्षांत रिकाम्या रस्त्यावरसुद्धा वळताना दिवा लावला, त्या तुझ्या भावाला, क्लेम प्राऊसला. गुन्हा काय, तर नशा करून गाडी चालवणं.

तुला माझी पाठ ठाऊक आहे. चाळीस वर्षं मेंढ्यांवर वाकून लोकर कापली, पुढं स्वतःच्या तीन टोळ्या केल्या, बत्तीस माणसांना काम दिलं. त्याचं बक्षीस म्हणून डाव्या पायात वरपासून अंगठ्यापर्यंत तापलेली तार ओढल्यासारखं होतं. सहा वर्षं डॉक्टरनं अफूच्या जातीच्या गोळ्या दिल्या. त्या घेऊन मी मर्लला दोनदा भलत्याच बाईच्या नावानं हाक मारली. गेल्या ऑगस्टमध्ये सिडनीतल्या एका डॉक्टरीणबाईनं फोनच्या पडद्यावर अर्धा तास माझी उलटतपासणी घेतली, सगळे जुने कागद मागवले आणि गांजाचं तेल लिहून दिलं. वारामॉनच्या केमिस्टकडे मिळतं. बाटलीवर नाव, जन्मतारीख, मात्रा. रोज संध्याकाळी जेवणाआधी जिभेखाली अर्धा मिलीलीटर. नशा म्हणशील तर बातम्या पाहताना जितकी येते तितकीच. पण मी झोपतो, नोएलीन. उठून बूट स्वतः घालतो. आणि आठवड्यातून तीनदा मर्लला ब्याण्णव किलोमीटरवर डायलिसिसला नेतो. मूत्रपिंडं तिची गेलीत, पण गाडी माझ्या पाठीवर चालते.

तर शुक्रवारी साडेसहाला धान्यकोठारांजवळ पोलिसांची गाडी आडवी. ब्रेंट हॅकेट, आपल्या स्नोचा थोरला. सगळ्यांनाच थांबवून थुंकीत नशा तपासत होता.

“मॉर्निंग क्लेम, मॉर्निंग मर्ल. जिभेवरून ही काडी फिरव जरा.”

फिरवली. पाच मिनिटांनी त्याचा चेहरा पडला. “क्लेम, काडीवर आलंय.”

“येणारच. मी घेतोच ना ते.” मी खण उघडून बाटली त्याच्या नाकासमोर धरली. मी ती मुद्दाम लेबल पुढच्या बाजूला करून ठेवतो. डॉक्टरीणबाईंचं पत्रही होतं, प्लास्टिकमध्ये घातलेलं. “हे बघ. काल संध्याकाळी सातला घेतलं. बारा तास होत आले.”

तो हळूच म्हणाला, “क्लेम, ते आत ठेव. तू जितकं बोलशील तितकं मला लिहून घ्यावं लागेल.”

“लिही की! कमी पडलं तर आणखी सांगतो.”

मर्ल मला कोपरानं ढोसत होती. मला वाटलं, कागद आहे, नाव आहे, लपवलेलं काही नाही, मग भिऊ कशाला? तर म्हणे कायद्याला कागद दिसत नाही. थुंकीत सापडलं की झालं. गाडी सरळ चालत होती की वाकडी, हे विचारायचंसुद्धा नाही.

मला चोवीस तास गाडीला हात लावायची बंदी. मर्ल डायलिसिसला कशी गेली असेल? पोलिसांच्या गाडीतून, जाळीच्या मागच्या सीटवर, हँडबॅग मांडीवर घेऊन. तिथली नर्स म्हणाली, “काय केलंत काय तुम्ही?” मर्ल म्हणाली, “नवरा केला.”

थुंकी प्रयोगशाळेत गेलीय. दंड आणि तीन महिने लायसन्स बंद, असा कागद येईल म्हणतात. मी तो घेणार नाही. कोर्टात जाऊन मॅजिस्ट्रेटला बाटली दाखवणार. मी काही तुझ्या पोरासारखा, डॅरिलसारखा, खुराड्यामागं गांजाची रोपं लावून बसलो नव्हतो.

क्लेम

*

फर्नी हिल, टास्मानिया
सोमवार, १९ फेब्रुवारी

क्लेम,

पत्र फाडलं नाही. शेवटची ओळ कापून चुलीत घातली.

डॅरिलचं नाव तुझ्या पत्रात पुन्हा दिसता कामा नये. तो एकोणीस वर्षांचा होता आणि चार महिने तुरुंगात होता. तू तेव्हा त्याला भेटायला एकदाही गेला नाहीस, “टोळीचं नाव खराब होतं” म्हणून. मी विसरलेले नाही. हे एवढंच. पुढं.

कोर्टात जाऊ नकोस. तुला वाटतं, तिथं कुणीतरी शहाणा माणूस बसलाय आणि तू बोललास की त्याला पटेल. लोकरीचे भाव ठरवताना तसं होत असेल. मॅजिस्ट्रेटला पटून उपयोग नाही, त्याच्यापुढं कायदा ठेवलेला असतो. मान खाली घाल, तीन महिने घरी बस.

इकडे समुद्राच्या या बाजूला, डॉक्टरनं लिहून दिलेलं असेल आणि गाडी नीट चालवत असशील, तर काडीवर आलं तरी तो गुन्हा होत नाही. देश एक, राणीच्या जागी आता राजा तोही एक, आणि मध्ये एका रात्रीचं जहाज. त्यावरून तुझ्या राज्याच्या शहाणपणाचं माप काढ.

आणि तेल नुसतं जिभेखाली टाकून गिळत असशील तर वाया घालवतोयस. दीड मिनिट धर. रिकाम्या पोटी घेऊ नकोस, आधी पावाला भरपूर लोणी लावून खा, जास्त लागू पडतं. तोंड कोरडं पडलं तर बर्फाचा तुकडा चघळ, पाणी ढोसू नकोस, नाहीतर चारदा उठशील.

मर्लला प्रेम. तिच्या पायांवर सूज येते का, ते लिही. तू नुसतं स्वतःबद्दल लिहितोस.

नोएलीन

*

कॅलगुंडी
मंगळवार, २३ एप्रिल

प्रिय नोएलीन,

तुझं म्हणणं खरं झालं. खूश हो. सहा महिने.

दंड मुकाट्यानं घेतला असता तर तीन. मी काल कोर्टात उभा राहिलो, कोट घालून, लग्नातल्या टायसकट, आणि सहा घेऊन आलो. वर पोलीस दप्तरात नाव. एक्काहत्तराव्या वर्षी तुझा भाऊ गुन्हेगार.

कोर्टाच्या व्हरांड्यात दोन तास बसलो होतो. कान उघडे असले की माणूस फुकट शिकतो. शेजारी एक पोरगेला ट्रकवाला होता, त्याची वकीलबाई त्याला सांगत होती, “औषधबिवषध काही बोलू नकोस. चुकलं म्हण. पश्चात्ताप झालाय म्हण. त्यांना पश्चात्ताप आवडतो.” तो म्हणाला, “पण मला डॉक्टरनं दिलंय.” ती म्हणाली, “म्हणूनच.” मी मनात म्हटलं, हा घाबरट आहे. त्याला तीन मिळाले.

माझी पाळी आली. मॅजिस्ट्रेटबाई वाईट नव्हत्या. बाटली हातात घेऊन त्यांनी लेबल वाचलं, चष्मा वर करून पुन्हा वाचलं. म्हणाल्या, “मिस्टर प्राऊस, तुम्ही हे कशासाठी घेता, हा माझ्यापुढचा प्रश्न नाही. सापडलं की नाही, एवढाच आहे. पुन्हा घेणार का?”

मी म्हटलं, “आज संध्याकाळी सातला.”

मागं कुणीतरी हसलं. मर्लनं डोळे मिटून घेतले.

नोएलीन, माझ्या डोक्यात काय जाळ झालाय ते कागदावर मावत नाही. मधल्या अकरा आठवड्यांत मी तेल बंद ठेवलं होतं. म्हटलं, मर्लला न्यायचंय, पुन्हा काडी नको. परत त्या जुन्या गोळ्या. त्या गोळ्यांच्या तारेत मी मार्चमध्ये आपल्याच फाटकाचा खांब पाडला. दिवसाढवळ्या! दोन दिवसांनी ब्रेंटनं थांबवून काडी फिरवली. साफ. “जा क्लेम, सांभाळून.” म्हणजे खांब दिसत नव्हता तेव्हा मी कायद्यानं ठणठणीत, आणि रस्त्यावरची केसाएवढी रेष दिसत होती तेव्हा नशेबाज. हा कायदा ज्यानं लिहिला त्याला माझ्याशेजारी बसवून वारामॉनला न्यावंसं वाटतं, गोळ्या खाऊन.

तू मर्लचं विचारलंस. पाय सुजतात. सध्या गावची मोफत बस नेते. ती चालवणाऱ्या बर्थाबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन मेच्या मध्यावर आहे आणि दुसरं कुणी मिळत नाही. वारामॉनला दवाखान्याच्या धर्मशाळेत खोली आहे, मर्लनं तिथं एकटीनं राहायचं. अठ्ठेचाळीस वर्षांत आम्ही लोकरीचा हंगाम सोडून वेगळे झोपलो नाही. ती म्हणते, “राहीन. तिथं तुझं घोरणं नसेल.” आणि मग न्हाणीघरात जाऊन नळ सोडते, मला ऐकू येऊ नये म्हणून. माझे कान अजून शाबूत आहेत, हे ती विसरते.

तेव्हा ठरवलंय. बस बंद झाली की मी चालवणार. लायसन्स नसताना सापडलो तर तुरुंगही होऊ शकतो म्हणतात. टाकू देत. त्या जाळीच्या गाडीत मर्ल बसू शकते तर मीही बसेन.

क्लेम

*

फर्नी हिल
गुरुवार, २ मे

क्लेम,

गाडीला हात लावायचा नाही. आता नीट वाच, मी हे दुसऱ्यांदा लिहिणार नाही.

खुराड्यामागची ती नऊ रोपं लान्ससाठी होती.

तुला सांगितलं नव्हतं. कुणालाच नाही. माझ्या नवऱ्याच्या पोटात काहीच ठरत नव्हतं. कॅन्सरनं नाही तर औषधानं मरेल, अशी वेळ आली होती. एका नर्सनं जिन्यात गाठून कानात सांगितलं. डॅरिलनं बी कुठून आणलं, मी विचारलं नाही. मी पानं लोण्यात मंद उकळायचे, गाळायचे, त्याची बिस्किटं करायचे. पहिल्या दिवशी लान्सनं अर्धी वाटी सूप घेतलं आणि म्हणाला, “मीठ कमी आहे.” क्लेम, सात आठवड्यांनी तो चवीबद्दल बोलला. मी चुलीपाशी जाऊन रडले.

मग पोलीस आले. थेट खुराड्यामागं गेले, घरात शोधलंसुद्धा नाही. डॅरिलला विचारलं, “कुणासाठी?” तो बोलला नाही. मला डोळ्यांनी गप्प केलं. मॅजिस्ट्रेट म्हणाला, एवढी रोपं आणि तोंड उघडत नाही, म्हणजे विकतो. लान्स मार्चमध्ये गेला, हाडं राहिली होती. डॅरिल मेमध्ये सुटला. बापाला पोचवायला तो नव्हता.

हे सगळं शेजारच्या मर्व्ह डन्फीमुळे. त्याच्या खिडकीतून खुराडं दिसायचं. मी त्याच्याशी पस्तीस वर्षं बोलले नाही. तो मेला तेव्हा त्याच्या बायकोला दोन ओळीसुद्धा पाठवल्या नाहीत.

तेव्हा मला तुरुंगाच्या गमती सांगू नकोस. घरात आजारी माणूस असताना आत गेलेल्यांचं काय होतं, ते मी पाहिलंय. मर्लला धर्मशाळेत ठेव. तू बसनं जा, चालत जा, लंगडत जा. पण बाहेर राहा.

नोएलीन

*

कॅलगुंडी
सोमवार, १३ मे

नोएलीन,

मर्व्ह डन्फी नव्हता.

मी होतो.

तुम्ही तेव्हा इकडेच राहत होता आणि डॅरिल माझ्या टोळीत शिकत होता. त्याच्या पिशवीत पानं दिसली. रविवारी तुझ्याकडे जेवायला आलो होतो तेव्हा मागं जाऊन पाहिलं. त्याच आठवड्यात मेंढ्यांच्या मोठ्या मळ्याचा मालक मला म्हणाला होता, तुझ्या माणसांत गांजा आहे असं कानावर आलंय, खरं निघालं तर पुढच्या हंगामाला येऊ नकोस. मी पोस्टाबाहेरच्या फोनवरून पोलिसांना फोन केला. नाव सांगितलं नाही. वाटलं, दम देतील, रोपं उपटतील, पोरगं सुधारेल.

तुरुंगात भेटायला गेलो नाही, कारण त्याच्या तोंडाकडे बघायची हिंमत नव्हती. टोळीचं नाव वगैरे सबब होती.

रोपं लान्ससाठी होती, हे मला माहीत नव्हतं. पण मी विचारलंही नव्हतं. कशासाठी घेता, हा माझ्यापुढचा प्रश्न नव्हता. त्या बाईंनी कोर्टात हेच म्हटलं आणि मी तीन आठवडे त्यांच्या नावानं दात खातोय.

माफी मागत नाही. तुझ्याकडे ती असेल असं वाटत नाही. मर्ल कालपासून धर्मशाळेत आहे. गाडीला हात लावलेला नाही.

क्लेम

*

फर्नी हिल
सोमवार, १० जून

क्लेम,

चार आठवडे मी लिहिलं नाही, कारण लिहिलेली सगळी पत्रं चुलीत गेली. एक बारा पानांचं होतं. तुला शोभलं असतं.

मी मर्व्ह डन्फीच्या बायकोला फोन केला. ती ब्याऐंशीची आहे, पाठीमागं टीव्ही चालू होता. म्हणाली, “अगं, मर्व्ह तर अंगणातल्या कुत्र्याची तक्रार करायलासुद्धा घाबरायचा.” पस्तीस वर्षांचं ते न बोलणंही मी तुझ्या खात्यात लिहिलंय.

आता ऐक. मर्लशी मी रोज बोलते, ते तुला ठाऊक नाही. तिथं ती जेवत नाही. नर्सशी हसते आणि ताट तसंच परत पाठवते. अशा बाईला तू केलेल्याची शिक्षा मी होऊ देणार नाही. माझ्या घरात एकदा झालं तेवढं पुरे.

मी शुक्रवारी डेव्हनपोर्टहून गाडी जहाजावर घालते. रविवारी संध्याकाळपर्यंत पोचेन. माझं लायसन्स स्वच्छ आहे. तुझं ऑक्टोबरात परत मिळेपर्यंत मर्लला मी नेईन-आणीन.

नियम असे: मर्ल पुढं बसेल, तू मागं. माझ्याशी बोलायचं नाही, मी विचारल्याशिवाय. माझ्या चालवण्यावर तर नाहीच. बाटली मांडीवर धरून बसलास तरी चालेल, लेबल वर करून, तुला त्याची फार हौस.

आणि डॅरिलला मी काही सांगणार नाही. ते काम तुझं. पत्ता मागच्या पानावर आहे. तो खाणीवर स्वयंपाक करतो. त्या नोंदीमुळे त्याला त्याच्या मनातलं दुसरं काम कधी मिळालं नाही, हे लिहिताना ध्यानात असू दे. सबबी लिहू नकोस. त्याला त्या ऐकू येतात, तुझ्यासारखेच कान आहेत.

नोएलीन

*

कॅलगुंडी
रविवार, ३० जून

प्रिय डॅरिल,

सोबतची दोन पानं आधी वाच. पोस्टाबाहेरच्या त्या फोनबद्दल आहेत. तिथंच थांबून हे फेकून दिलंस तर तो तुझा हक्क आहे. पुढचं तुझ्या आईबद्दल आहे, आणि ते ती स्वतः तुला कधी सांगणार नाही.

ती पंधरा दिवस इथं आहे. गुरुवारपर्यंत माझ्याशी एकूण अकरा वाक्यं बोलली, त्यातली चार चहाबद्दल. मर्ल घरी आली, जेवते. गाडीत पुढं दोघी खिदळतात, मागं मी गठ्ठ्यासारखा. परवा मर्ल म्हणाली, “मागचा प्रवासी फार शांत आहे हो.” तुझी आई म्हणाली, “जनावरं वाहून नेताना आवाज करत नाहीत.”

पहिल्या आठवड्यात ती झकास चालवत होती. मग मला तिचे हात दिसायला लागले. मागं बसलं की दुसरं बघायला काय असतं? बोटांची पेरं सुजून लाकडी झालेली. गिअर बदलताना ती खालचा ओठ चावते. सकाळी किटलीचं झाकण तिला उघडत नाही, मग ती मर्लला म्हणते, “जरा हे बघ गं, बसलंय.”

गुरुवारी तिची चष्म्याची पेटी आणायला मला तिच्या खोलीत पाठवलं (हे अकरांतलं एक वाक्य). खणात पेटीखाली बाटली होती. माझ्यासारखीच. तेच तेल, तिकडच्या केमिस्टचं लेबल, नोएलीन मेरी कार्मडी, जन्मतारीख, दोन्ही हातांच्या संधिवातासाठी, संध्याकाळी एक मिलीलीटर. झाकणावरचं सील अख्खं.

दीड मिनिट धर, लोण्याचा पाव खा, बर्फ चघळ. मी म्हटलं होतं, हिनं कुठं वाचलं!

तिकडे ती हे घेऊन उजळ माथ्यानं गाडी चालवायची. इकडे मर्लला न्यायचं म्हणून, निघायच्या आधी जुनी बाटली संपली त्या दिवसापासून, तिनं थेंब घेतलेला नाही. समुद्राच्या या बाजूला तीच थुंकी गुन्हा आहे ना. काडी फिरली तर मर्लला परत धर्मशाळा. म्हणून ती रोज संध्याकाळी मी जिभेखाली धरतो ते समोर बसून बघते, आणि स्वतः दोन साध्या गोळ्या घेऊन झोपायला जाते. ऑक्टोबरपर्यंत तसंच करणार.

मी बाटली होती तशी ठेवली. पेटी दिली. तिनं माझ्या तोंडाकडे पाहिलं आणि म्हणाली, “एक शब्द नाही.” बारा.

शुक्रवारी कोठारांजवळ ब्रेंट उभा होता. तुझ्या आईनं काडी चाटली. पाच मिनिटं. साफ. ब्रेंट म्हणाला, “थँक्यू, मिसेस कार्मडी. नीट जा.” तिनं काच वर घेण्याआधी त्याला विचारलं, “तुझी आई असती तर?” तो बिचारा टोपीशी खेळत राहिला. राग त्याच्यावर काढून उपयोग नाही, हे मलाही कळतं. ज्यांच्यावर काढायचा ते या रस्त्यानं जात नाहीत. मी आमच्या खासदाराला सात पत्रं लिहिलीत. उत्तरं सातही सारखीच आली. आठवं लिहितोय, त्यात मी मला आणि तुला दोघांनाही घातलंय. नको असेल तर कळव, काढतो.

पुढं लागल्यावर समोरून बर्थाबाईंचा नवरा ट्रक घेऊन आला. इकडची रीत तुला आठवत असेल, समोरून ओळखीचा आला की स्टिअरिंगवरचं एक बोट उचलायचं. त्यानं उचललं. तुझ्या आईनं उचलायला पाहिलं. नाही उचललं गेलं. बोट तिथंच थरथरलं आणि तिनं तोंड घट्ट मिटून समोर पाहिलं. ओळखीच्याला बोट न दाखवता ती उभ्या जन्मात पुढं गेली नसेल.

मी मागून, दोन सीटांच्या मधून हात काढला आणि तिच्या खांद्याच्या बाजूनं एक बोट वर केलं.

तो हात मागं घे, असं ती म्हणाली नाही. वारामॉनपर्यंत चौदा गाड्या आल्या. चौदा वेळा केलं.

तुझा मामा,
क्लेमेंट प्राऊस
(पाकिटामागं पूर्ण नाव आणि पत्ता लिहिलाय.)